माझ्या आईची माती

९ मार्च २०२५, रविवार

आजचा उपदेश चढला. दारूवर बोललो, पण दारूच्या दुकानापासून सुरुवात केली नाही. पिणाऱ्याच्या घरातल्या रिकाम्या ताटापासून केली. मागच्या बाकावरच्या दोघांनी मान खाली घातली ती शेवटच्या गीतापर्यंत वर केली नाही. शब्द निखाऱ्यासारखा पडत नसेल तर पाळकाने तो उच्चारूच नये, असे माझे मत आहे, आणि ते मी आम्हा पाळकांवरच्या अधीक्षकांच्या तोंडावर सांगितलेले आहे.

घरी आलो तर पाळकगृहाच्या अंगणात देवरावची मोटारसायकल.

आईला नागपूरहून परत आणल्यापासून ती काही खात नाही. डॉक्टर म्हणाले, हृदय थकले आहे, घरी न्या, मागेल ते द्या. ती काहीच मागत नाही. काल माझ्या बायकोने, सुनंदाने, पेज केली, मी स्वतः चमचा धरला. दोन घोट घेऊन तिने तोंड फिरवले. आणि आज हा गडी तिच्या खाटेवर पायाशी मांडी घालून बसलेला. हातात ज्वारीची भाकर, पुढ्यात आंबाडीची भाजी. एक घास स्वतःला, एक तिला. ती खात होती!

"माय, तू नाही खाल्लं तं सारी भाकर मीच खाईन. मंग वहिनी म्हणन, हा कोलाम काय पाहुना आला, टोपलं पुसून गेला."

आई हसली. तिचे ते बोळके हसणे मी नागपूरनंतर पाहिले नव्हते.

देवराव आणि मी मिशनच्या वसतिगृहात एका खोलीत वाढलो. तो कोलाम आदिवासींचा पोर; सुट्टीत त्याला न्यायला कोणी येत नसे, म्हणून तो आमच्या घरी येई. पुढे धर्मशिक्षण एकत्र घेतले, दीक्षाही एकाच दिवशी झाली. आज मी पांढरकवड्याचा पाळक आहे आणि तो झरी जामणीकडच्या जंगलातल्या वस्त्यांचा. मला अमरावतीपासून आदिलाबादपर्यंत सभांना बोलावतात. त्याचा उपदेश चहा गार व्हायच्या आत संपतो आणि कुणाच्या लक्षात राहत नाही. तो तिला माय म्हणतो. मी आई म्हणतो. ती माझी आई आहे.

भाकरीचा हेवा कोण करतो? मी फक्त नोंद करतो आहे.

११ मार्च, मंगळवार

दुपारी आईने हाक मारली.

"फुलू, बस."

"बसलो, आई."

"माह्या मातीले देवरावले बोलाव."

मला वाटले, त्याने मातीला हजर असावे असे म्हणते आहे. म्हणालो, "असे बोलू नये. आणि तो काय, सगळेच येतील."

"येनं नाही म्हनत मी. त्यानं झगा घालाव. त्यानं वाचाव, त्यानंच बोलाव. तू नोको."

"मी नको?"

"तुले दुसरं काम हाये."

"कोणते काम, आई?"

डोळे मिटले तिने. मी पुन्हा विचारले, तर सुनंदाने दारातून हाताने खूण केली, पुरे म्हणून.

या मंडळीचा पाळक मी आहे. आमचा नियम स्पष्ट आहे. एका पाळकाच्या हद्दीत बाप्तिस्मा असो, लग्न असो की माती असो, त्याच्या बोलावण्यावाचून दुसऱ्या पाळकाने झगा घालून विधी करायचा नाही. म्हणजे माझ्या आईला माझ्याऐवजी दुसरा हवा, आणि त्या दुसऱ्याला निमंत्रण मीच द्यायचे! शत्रूने रचला असता तरी याहून मोठा अपमान रचता आला नसता.

दिले नाही. देणार नाही.

१३ मार्च, गुरुवार

मारोतराव आले होते. मंडळीतले जुने वडील, पंचकमिटीचे चिटणीस. आई झोपली होती म्हणून ओट्यावर बसलो. त्यांनी आवाज खाली आणला.

"साहेब, बाईचं काही झालंच, देव न करो, तं आपन मागल्यावानीच करू. मोठं. बाबाच्या मातीले तुमी जे बोलले न, लोकं अजून काढतेत. हायवेवर ट्रकवाले थांबले होते बाप्पा! क्लीनर पोट्टे डोक्याचे रुमाल काढून उभे."

ते खरे आहे. बाबा गेले तेव्हा माझी दीक्षा नुकतीच झाली होती. आमच्यात पाळक शवपेटीच्या पुढे चालतो आणि वचने म्हणत जातो. घरापासून कबरस्थानापर्यंत मी पुढे चाललो. एकदाही आवाज कापला नाही. हायवे ओलांडताना मी थांबलो आणि मरणाला उद्देशून बोललो, सगळ्या वाहतुकीच्या वर, आणि वाहतूक खरोखर थांबली. कबरीपाशी बोललो तेव्हा रडले नाही असे माणूस नव्हते. त्या दिवशी मला कळले की देवाने मला कशासाठी बोलावले आहे.

आई मागे होती. मंडळीतल्या रामीबाईने नंतर सांगितले की तिला दोघींनी धरून आणावे लागले. मला ते दिसले नाही. पुढे चालणाऱ्याने मागे वळायचे नसते. देवराव पेटीखाली होता, उजव्या अंगाला पुढे. घामाने निथळत होता. कबरीपाशी पोचल्यावर पाहिले तर खांद्याजवळ सदरा फाटलेला. त्याला माझा उपदेश ऐकूही आला नसेल.

आणि आता आईला तो हवा.

मारोतरावांना मी हे सांगितले नाही. काय सांगणार? पांढरकवड्याच्या पाळकाला त्याची आई पाळक मानत नाही?

१६ मार्च, रविवार

उपासनेनंतर समोरच्या गॅरेजात नौशादशी बोललो. त्याचे गॅरेज आणि आमचे फाटक समोरासमोर आहे. माझा निम्मा उपदेश तो जॅकवरच्या गाडीखाली पडून ऐकतो आणि सोमवारी त्यावर मत देतो. मी आडून विचारले, तुमच्यात बापाच्या, आईच्या जनाज्याची नमाज कोण पढवतो?

"पोराचाच पह्यला हक, पास्टर साब. पोरगा शिकेल असन तं इमामसाहब सोता बाजूले होते. म्हनते, तूच पढव."

सुनंदा फाटकाशी उभी होती. मी म्हणालो, "ऐकलेस? मुलाचा हक्क!"

नौशादने पान्हा फडक्याला पुसला. "पर मंग खांदा बी पह्यले तोच देते. नमाज पढवली म्हनून सुटत नाही तो."

ते त्यांच्यातले झाले. मुद्दा हक्काचा होता आणि तो सिद्ध झाला. सुनंदा मात्र आत निघून गेली.

२० मार्च, गुरुवार

झरी जामणीकडे जाऊन आलो. राहवले नाही.

वस्तीत शिरलो तर घराघरापुढे मोहफुले वाळत घातलेली, सगळ्या हवेत तो गोडसर आंबूस वास. देवराव एका झाडाखाली दोन घरांच्या मध्ये बसला होता. एकाच्या बकरीने दुसऱ्याचे तुरीचे कुटार खाल्ले होते. पाळकाने अशा कामात वेळ घालवावा काय? शब्दाची सेवा कोण करणार मग? त्याने मला पाहून हात हलवला, बकरीवाल्याला कोलामीत काहीतरी म्हणाला, सगळे हसले आणि भांडण मोडले. मला कोलामी येत नाही. हसणे माझ्यावर होते की बकरीवर, कळले नाही.

मी त्याला बाजूला घेतले. "तू आईला काय शिकवलेस?"

"म्या? तुह्या मायले आजवर कोनी शिकवलं काय? तुह्या बापाले नाही जमलं."

"तिला तिच्या मातीला पाळक म्हणून तू हवा आहेस."

त्याचे हसू गेले. "मले म्हनली होती. मी म्हटलं, माय, फुलचंदले पटनार नाही. तं म्हने, पटवनं तुहं काम नाही, येनं तुहं काम हाये."

"नाही म्हणायला तुला काय झाले होते?"

"तू म्हनून दाखव न तिले नाही."

"कारण काय सांगितले तिने?"

तो जमिनीवरची मोहफुले पायाने बाजूला सारत राहिला. "तिलेच विचार. तुही माय हाये."

"विचारले. सांगत नाही."

"मंग मी सांगनारा कोन बे?" मग म्हणाला, "अन् आयक. तू बोलावल्याबिगर मी झगा घालत नाही. येईन, मांगं उभा राहीन, माती देईन, घरी जाईन. मले काय हौस आली हाये? तुह्या आवाजाचा मले पोट्टेपनापासून हेवा वाटते. मी उपदेश देतो तं मंडळी तं मंडळी, भाईरच्या बकऱ्या बी झोपतेत."

परतीच्या वाटेवर हे वाक्य मी मनात घोळवत आलो. त्याला माझा हेवा वाटतो! त्याच्याच तोंडचे शब्द. सागाच्या जंगलातून येताना मन इतके हलके झाले की मोठ्याने गीत म्हटले.

घाट उतरताना एक विचार आला आणि पुन्हा सगळे जड झाले. हेवा वाटत असताना हा माणूस हसतो कसा?

२३ मार्च, रविवार

आज मेंढपाळावर बोललो. कळप एकाचा, आणि दुसराच कुणी कुंपणावरून हात घालून मेंढरांना चारा दाखवतो, त्याला काय म्हणावे? आवाज असा लागला होता की छताचे पत्रे बोलत होते. बाहेर पडताना मारोतराव म्हणाले, "आज तं जाळ होता, साहेब, जाळ!"

जेवताना सुनंदाने विचारले, "आज उपदेश कोनाले होता?"

"मंडळीला."

"झरी जामनी आपल्या मंडळीत केव्हापासून आली?"

मी ताटावरून उठलो. सुनंदा पाळकाची बायको आहे याची तिला कधीकधी आठवण करून द्यावी लागते. आज दिली नाही.

२७ मार्च, गुरुवार

आज निर्णय घेतला आणि लगेच अमलात आणला. आईला माझ्या शब्दाची ताकद माहीत नाही असे नाही, पण तिला वाटत असेल की आजारपणाच्या धांदलीत मी तिच्यासाठी काही तयार करणार नाही. खरे तर नागपूरहून येतानाच, ॲम्ब्युलन्समध्ये तिच्या पायाशी बसून, मी तिच्या मातीच्या उपदेशाची पहिली वाक्ये जुळवली होती. त्यावर तीन वेळा हात फिरवला आहे. वाटले, तिने एकदा ऐकावे. ऐकल्यावर तीच म्हणेल, फुलू, तूच बोल.

तिला उशीला टेकवून बसवले आणि वाचला. पूर्ण आवाज लावला नाही, पण चढउतार ठेवले. जात्याच्या घरघरीबरोबर तिने प्रार्थना दळल्या, असा एक भाग आहे. स्वतः उपाशी निजली पण लेकराला उपाशी निजवले नाही, असा दुसरा. शेवटी मरणाला आव्हान आहे. तो भाग वाचताना माझ्याच अंगावर काटा आला.

आई शेवटपर्यंत माझ्या तोंडाकडे पाहत होती.

"चांगलं हाये," म्हणाली. मग म्हणाली, "कोनाची माय हाये ते?"

"तुझ्यावर आहे, आई!"

"जातं कोठचं आपल्या घरी? चक्कीवर दळन जात जाय. तूच तं नेत जाय डोक्यावर डबा, अन् अर्ध्या वाटेत थांबून पोट्ट्यायले भाषन देत जाय. चक्कीवाला बंद करून जेवाले जाय तोपावतर." ती हसली आणि तिला धाप लागली. पाणी दिले. "अन् उपाशी नाही निजली मी कधी. तुह्या बापानं नाही निजू देलं. त्याच्यावर काहून आळ घेते?"

"तो अलंकार आहे, आई. लोकांपर्यंत पोचण्यासाठी."

"रडतीन लोकं?"

"रडतील."

"अन् तू?"

"मी रडलो तर बोलणार कोण?"

ती माझ्याकडे पाहत राहिली. बाबा पगार हरवून आले की त्यांच्याकडे पाहायची तशी. राग नसायचा त्यात.

"हाव," म्हणाली. "तेच तं."

आणि भिंतीकडे तोंड करून निजली. थकली असावी. दोन फेरफार करायला हवेत: जाते काढून चक्की घालणे, आणि उपाशीचा भाग सौम्य करणे.

२ एप्रिल, बुधवार

आज आईला प्रभुभोजन दिले. तिचा आवाज आता फार बारीक झाला आहे. मी झगा घालून, सगळा विधी न गाळता केला. घरात चार माणसे असोत की चारशे, मी विधी कापत नाही. भाकर तिला गिळता येईना. सुनंदाने द्राक्षरसात बुडवून दिली.

झाल्यावर मी आशीर्वाद देऊन उठू लागलो तर तिने झग्याची बाही धरली.

"हे काढ न आता."

"काय, आई?"

"हे. काढून बस जरा माह्याजवळ."

बाहेर मारोतराव आणि कमिटीतले दोघे थांबले होते. गुड फ्रायडेच्या तीन तासांच्या उपासनेत कोण कशावर बोलणार हे ठरवायचे होते. म्हणालो, आलोच. बाही सोडवून घ्यावी लागली. बोटात अजून जोर आहे तिच्या.

बैठक लांबली. मारोतरावांनी हळूच विचारले, वेळ आली तर ध्वनिक्षेपक सांगून ठेवू काय? मी म्हणालो, सांगा. परत गेलो तेव्हा तिला झोप लागली होती. खाटेजवळ झग्यातच थोडा वेळ उभा राहिलो. उकाडा भयंकर आहे.

५ एप्रिल, शनिवार

देवराव आला नाही. मी बोलावले नाही म्हणून येत नाही, की मला दाखवण्यासाठी येत नाही? आई दर थोड्या वेळाने दाराकडे पाहते. मी दारातच बसलो होतो. माझ्या पलीकडे पाहते.

६ एप्रिल, रविवार

आज देवरावला फोन केला.

काहून केला हे इथे तरी खरे लिहावे. (पाहा, 'का' लिहायचे तर 'काहून' लिहून गेलो. आईच्या खाटेशी बसून बसून भाषा बिघडली.)

सकाळी व्यासपीठावर उभा असताना मनात आले: येऊ दे त्याला! घालू दे झगा. चालू दे पेटीच्या पुढे. सारा पांढरकवडा रस्त्यावर असेल, अधीक्षक असतील, दारव्ह्याहून, वणीहून पाळक येतील. बाबांची माती पाहिलेले सगळे तिथे असतील. हायवेवर त्याचा आवाज दोन पावलांवरही पोचणार नाही. कबरीपाशी तो तत पप करेल. तेव्हा ज्याला त्याला फरक कळेल. मला एक शब्दही बोलावा लागणार नाही. आणि तो अगदीच अडला, तर माझा उपदेश खिशात असेल.

हे ख्रिस्ती माणसाचे विचार नाहीत, हे मला ठाऊक आहे. तरी फोन केला.

"देवराव, आईच्या मातीला तू झगा घाल. मी तुला रीतसर बोलावतो आहे."

तिकडून तो म्हणाला, "पक्कं?"

"पक्के."

"फुलचंद," तो म्हणाला, "लय मोठं काम केलं बे तू." आणि नाक ओढल्याचा आवाज आला. मी हे का केले ते त्याला कळू नये, म्हणून फोन ठेवला.

आईच्या कानाशी जाऊन सांगितले. तिने डोळे उघडले. माझा चेहरा हाताने चाचपला, लहानपणी ताप पाहायची तसा.

"आता बरं," म्हणाली. "आता तू मोकळा."

मोकळा कशातून, ते विचारायला हवे होते. तिला ग्लानी आली.

८ एप्रिल, मंगळवार

आई गेली. पहाटे. सुनंदा जवळ होती. मी बाजूच्या खोलीत रविवारचा उपदेश काढत बसलो होतो.

१० एप्रिल, गुरुवार

काल माती झाली, लिहिता आले नाही. आज उजवा हात नीट वर होत नाही, तरी लिहितो.

ऊन चढायच्या आत पेटी बाहेर काढली. पेटी सागाची, मारोतरावांनी मुद्दाम भारी करवून घेतली होती. देवरावने दीक्षेच्या वेळचाच झगा घातला होता, पोटाशी ताणलेला, खाली आखूड. मला बरे वाटले, हेही लिहितो. खिशात माझा उपदेश होता.

मारोतराव माझ्याजवळ आले. "साहेब, तुमी देवराव पास्टरच्या बाजूनं पुढं चला. शोभते ते." मी पुढे निघालो. चार पावले गेलोही. तेवढ्यात मागून नौशादचा आवाज.

"पास्टर साब! कोठी चालले? ही जागा कोनाची हाये? जल्दी या, वजन येऊन राह्यलं माह्यावर!"

तो पेटीखाली डाव्या अंगाला पुढे होता. उजव्या अंगाची पुढची जागा रिकामी होती. पेटी त्या बाजूला कलली होती. मी देवरावकडे पाहिले. त्याला ऐकू आले असणार, पण तो पुढे तोंड करून उभा राहिला. वळला नाही.

मी गेलो आणि खांदा लावला.

पहिल्या वळणापर्यंत मी कान देऊन होतो. कुठे अडखळतो, कोणते वचन चुकतो. त्याचा आवाज खरेच लहान होता. मग लाकूड खांद्यात रुतू लागले आणि मी ऐकायचे विसरलो. आई शेवटी शेवटी इतकी हलकी झाली होती की सुनंदा तिला एका हाताने कुशीवर वळवायची. मग एवढे वजन कुणाचे होते? फळीच्या पलीकडे, माझ्या कानापासून वीतभर अंतरावर, तिचे पाय होते. मी त्यांच्याशी पाऊल जुळवून चाललो. मागे बायका रडत होत्या. हायवे केव्हा ओलांडला, ट्रक थांबले की नाही, मला सांगता येणार नाही.

नौशाद मध्येच म्हणाला, "बदलायचं काय?" मी मान हलवली. नाही.

कबरीपाशी दोर लावून पेटी उतरवली. देवराव डोक्याशी उभा राहिला. अधीक्षक होते, सगळे पाळक होते. तो म्हणाला, "तानाबाई मले भाकर देत जाय. मी कोनाचा होतो हे तिनं कधी इचारलं नाही." आणि मग पुढचे वाक्य आठवेना म्हणून की काय, थोडा थांबला. हीच ती वेळ होती. सगळ्यांनी माझ्याकडे पाहिले. मारोतरावांनी तर मानेनेच खुणावले, बोला.

मी खाली वाकून मूठभर माती घेतली. काळी, ढेकळांची, कोरडी. ती टाकली आणि पेटीवर तिचा आवाज झाला.

मग माझ्या तोंडातून आवाज निघाला. मी चाळीस वर्षांत व्यासपीठावरून इतके आवाज काढले, हा त्यांतला नव्हता. त्यात शब्द नव्हता. मला तो थांबवता येईना. आई, म्हणायचे होते बहुधा, पण ते "माय" असे निघाले, पुन्हा पुन्हा, आणि मी गुडघ्यावर बसलो होतो आणि नौशादने मला मागून दोन्ही काखांत धरले होते.

देवरावने पुस्तक मिटले आणि वाट पाहत उभा राहिला. अधीक्षक हलले, कुणीतरी खाकरले, ऊन वर आले. तो उभाच होता. माझे संपेपर्यंत त्याने कुणालाही काही करू दिले नाही. नंतर एक छोटी प्रार्थना केली, माती लोटायला सांगितले, आणि झाले. उपदेश त्याने पुरा केलाच नाही.

संध्याकाळी मारोतराव ओट्यावर बसले होते. फार खट्टू. "काय सांगू, साहेब. असा अर्धा उपदेश आपल्या मंडळीत कधी झाला नाही. तुमी बोलले असते तं मातीचं सोनं झालं असतं."



देवराव निघाला तेव्हा मी फाटकापर्यंत गेलो. खरे सांगायचे तर राग होता अजून. तिने जे त्याला सांगितले ते मला का नाही? शेवटचा तिचा एक शब्द त्याच्याजवळ आहे आणि माझ्याजवळ नाही, हे मला सहन होत नव्हते.

"आता तरी सांग," मी म्हणालो. "आईने कारण काय सांगितले होते?"

त्याने मोटारसायकलला किक मारली. माझ्या खांद्याकडे पाहिले. सदऱ्याची शिवण तिथे उसवली होती.

"आता सांगून काय करू? झालं न ते."

"काय झाले?"

"जाय, घरात जाय. वहिनी वाट पाहून राह्यली." आणि गेला.

काय झाले, ते मला नीट कळलेले नाही. विचार करतो आणि तो आवाज तेवढा आठवतो.

आत्ता सुनंदा हळद गरम करून घेऊन आली आहे. सदरा काढायला लावला तिने. खांदा काळानिळा झाला आहे म्हणते.

"लय दुखून राह्यलं काय?"

"हो," मी म्हणालो.

पुढे आणखी काही बोलेन म्हणून ती वाटी धरून थांबली. मी पुन्हा म्हणालो, हो.